शोध सरकारी, करार खासगी: पन्ना-मुक्ता-ताप्तीच्या दाखल्याचा प्रतिवाद

मुंबईच्या वायव्येला, अरबी समुद्राच्या तळाखाली पन्ना, मुक्ता आणि ताप्ती ही तेल व नैसर्गिक वायूची क्षेत्रे आहेत. पन्ना आणि मुक्ता प्रामुख्याने तेलाची, ताप्ती वायूची. २२ डिसेंबर १९९४ रोजी केंद्र सरकारने या क्षेत्रांसाठी पंचवीस वर्षांचे उत्पादन वाटप करार केले. त्यांत ओएनजीसीचा वाटा ४० टक्के होता, रिलायन्सचा ३० टक्के, आणि उरलेला ३० टक्के अमेरिकेतील एन्रॉनच्या भारतातील तेल-वायू उपकंपनीचा. क्षेत्र चालवण्याची जबाबदारी एन्रॉनकडे होती. २००२ मध्ये ब्रिटनच्या बीजी समूहाने ही उपकंपनी विकत घेतली आणि फेब्रुवारी २०१६ मध्ये शेलने बीजी समूहच घेतला. कराराची मुदत २१ डिसेंबर २०१९ रोजी संपली आणि पन्ना-मुक्ता ओएनजीसीकडे परत आले. ताप्तीतील उत्पादन त्याआधीच थांबले होते.

या पंचवीस वर्षांचा दाखला देऊन एक युक्तिवाद वारंवार मांडला जातो. तेलशोध हा मोठ्या जोखमीचा धंदा आहे आणि ती जोखीम परदेशी कंपनी उचलते, म्हणून नफ्यावर तिचा पहिला हक्क आहे. भारताकडे भांडवल आणि तंत्रज्ञान दोन्ही नव्हते, ते तिने आणले. तिच्यामुळेच उत्पादन वाढले. आणि सरकारने हिशेबावर हरकती घेतल्या, खटले लढवले, म्हणून गुंतवणूकदार भारताकडे पाठ फिरवतात. या चारही विधानांत सत्याचा अंश आहे. परंतु पन्ना-मुक्ता-ताप्तीच्या प्रत्यक्ष इतिहासावर घासून पाहिले, तर त्यांतून काढलेला निष्कर्ष टिकत नाही.

जोखीम कोणी उचलली

तेलधंद्यातील सर्वांत मोठी जोखीम पहिल्या विहिरीची असते. तळाखाली तेल आहे की नाही हेच ठाऊक नसताना सर्वेक्षण करायचे, रिग आणायची, खोदायचे, आणि विहीर कोरडी निघाली तर सगळा खर्च बुडीत धरायचा. पश्चिम किनाऱ्याजवळच्या समुद्रात ही जोखीम सरकारने घेतली. १९५६ मध्ये ओएनजीसी स्थापन झाली. साठच्या दशकात सोव्हिएत तज्ज्ञांच्या मदतीने खंबातच्या आखातात आणि त्याच्या दक्षिणेला भूकंपलहरींचे सर्वेक्षण झाले व मुंबईसमोरच्या मोठ्या भूरचनेचा अंदाज आला. जपानमध्ये बांधलेली ‘सागर सम्राट’ ही रिग आणून फेब्रुवारी १९७४ मध्ये तिथे तेल शोधले गेले आणि १९७६ मध्ये बॉम्बे हायचे (आताच्या मुंबई हायचे) उत्पादन सुरू झाले. पन्ना, मुक्ता आणि ताप्ती ही याच मालिकेतील पुढची पाने. सत्तरीच्या आणि ऐंशीच्या दशकांत ओएनजीसीनेच ती शोधली. १९९४ चे करार झाले तेव्हा तिथे तेल व वायू आहे हे सिद्ध झालेले होते.

याच काळात परदेशी कंपन्यांनी भारतात खरी शोधजोखीमही घेतली होती. १९७४ च्या सुमारास बंगालच्या उपसागरात आणि कच्छच्या समुद्रात अमेरिकन कंपन्यांना क्षेत्रे देण्यात आली. त्यांनी खोदले, व्यापारी उत्पादनायोग्य साठा मिळाला नाही, आणि त्या निघून गेल्या. ऐंशीच्या दशकातील निविदाफेऱ्यांतूनही मोठा शोध हाती लागला नाही. त्या कंपन्यांना तेल मिळाले असते, तर नफ्याच्या मोठ्या वाट्यावरचा त्यांचा दावा न्याय्य ठरला असता. पन्ना-मुक्ता-ताप्तीची जात वेगळी आहे. तिथे कोरड्या विहिरीचा धोका जनतेच्या पैशाने आधीच पत्करला गेला होता.

यावर असे उत्तर दिले जाते की, सापडलेल्या क्षेत्राच्या विकासातही जोखीम असते: साठा अंदाजापेक्षा कमी निघतो, खर्च वाढतो, तेलाचे भाव पडतात. हे खरे आहे. परंतु विकासाची जोखीम आणि शोधाची जोखीम यांचे मोल एकच नव्हे. शिवाय कराराची रचनाच अशी होती की, विकासाचा खर्च आधी उत्पादनातून वसूल व्हावा आणि उरलेल्यातून नफ्याची वाटणी व्हावी. ज्या खर्चाची वसुली हा करारातील पहिला हक्क आहे, त्या खर्चाच्या नावावर शोधजोखमीचे बक्षीस मागणे म्हणजे एकाच धोक्याची किंमत दोनदा वसूल करणे होय.

भांडवल आणि तंत्रज्ञान

१९९१ चे परकीय चलनाचे संकट खरे होते. आयातीची बिले भागवण्यासाठी देशाला सोने गहाण टाकावे लागले होते. मुंबई हायचे उत्पादन ऐंशीच्या दशकाच्या मध्यात दररोज सुमारे ४ लाख ७० हजार बॅरलपर्यंत जाऊन घसरू लागले होते. त्या स्थितीत शोधलेली मध्यम व लहान क्षेत्रे खासगी आणि परदेशी कंपन्यांना खुली करण्याचा निर्णय झाला. आंध्र किनाऱ्यालगतचे रव्वा हे क्षेत्रही याच धोरणाने दिले गेले. त्यात औरंगाबादची व्हिडिओकॉन ही भारतीय भागीदार होती. त्या वेळच्या सरकारपुढची अडचण मोठी होती, हे नाकारण्याचे कारण नाही.

तरीही भांडवल सर्वस्वी परदेशी होते हा समज कराराच्या आकड्यांपुढे टिकत नाही. पन्ना-मुक्ता-ताप्तीत परदेशी कंपनीचा वाटा ३० टक्के होता. उरलेल्या ७० टक्क्यांचे धनी भारतीय होते आणि त्यांतील सर्वांत मोठा भागीदार सरकारी कंपनी होती. वायू किनाऱ्यावर आणण्यासाठी ओएनजीसीने आधी उभी केलेली हजिऱ्याची वाहिनी उपयोगी पडली. म्हणजे शोध, आधीची बांधणी आणि गुंतवणुकीतील सर्वांत मोठा वाटा सार्वजनिक, तर क्षेत्र चालवण्याचा अधिकार परदेशी कंपनीकडे, असा हा व्यवहार होता.

तंत्रज्ञानाबाबतचा दावा याहून कच्चा आहे. भारताला बाहेरचे तंत्रज्ञान लागले आणि पुढेही लागेल, यात वाद नाही. सोव्हिएत सर्वेक्षक आले, जपानची रिग आली. परंतु त्या मोबदल्यात सोव्हिएत संघाने बॉम्बे हायमध्ये हिस्सा घेतला नाही, की जपानी जहाजबांधणी कारखान्याने नफ्याच्या तेलात वाटा मागितला नाही. तंत्रज्ञान पैसे देऊन विकत घेता येते, भाड्याने घेता येते, सेवा म्हणून मिळवता येते. जानेवारी २०२५ मध्ये ओएनजीसीने आंतरराष्ट्रीय निविदेनंतर मुंबई हायसाठी ब्रिटनच्या बीपीची तांत्रिक सेवा पुरवठादार म्हणून निवड केली. त्या व्यवस्थेत क्षेत्राची मालकी आणि चालवण्याचा अधिकार ओएनजीसीकडेच राहतो; बीपीला सुरुवातीला ठरलेले शुल्क आणि नंतर वाढीव उत्पादनाच्या उत्पन्नाशी जोडलेला मोबदला मिळतो. ठरलेल्या पायारेषेच्या तुलनेत तेल ४४ टक्क्यांनी आणि वायू ८९ टक्क्यांनी वाढवता येईल, असा बीपीचा अंदाज आहे. तो किती खरा ठरतो हे पुढच्या दहा वर्षांत दिसेल. ज्ञान बाहेरून आणण्यासाठी क्षेत्राची सूत्रे बाहेर द्यावीच लागतात, हे गृहीतक मात्र या व्यवस्थेने आताच खोडून काढले आहे.

गोंदिया जिल्ह्यातील बिरसी येथेही हेच तत्त्व वेगळ्या क्षेत्रात दिसते. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात ब्रिटिशांनी बांधलेली तिथली धावपट्टी आज भारतीय विमानतळ प्राधिकरणाच्या ताब्यात आहे. तिच्यावर वैमानिक घडवणारी राष्ट्रीय उड्डाण प्रशिक्षण संस्था ही कॅनडाची सीएई ही कंपनी आणि प्राधिकरण यांची भागीदारी आहे. परदेशी कंपनीचे कौशल्य घेतले गेले. धावपट्टी मात्र सार्वजनिक राहिली.

उत्पादनाचे श्रेय

पन्ना-मुक्ताने कराराच्या काळात सुमारे २१ कोटी बॅरल तेल दिले, आणि तिन्ही क्षेत्रांचा भरभराटीच्या वर्षांत देशाच्या उत्पादनात लक्षणीय वाटा होता. चालक कंपनीच्या अभियंत्यांचे आणि समुद्रात प्लॅटफॉर्मवर आळीपाळीने राबणाऱ्या कामगारांचे कर्तृत्व त्यात आहे आणि ते मान्य केले पाहिजे. परंतु सिद्ध साठ्यात विहिरी वाढवल्या की उत्पादन वाढते, कोणाचीही कंपनी असो. या आकड्यावरून परदेशी मालकीची श्रेष्ठता सिद्ध करायची, तर तेच काम ओएनजीसीने केले असते तर किती तेल आले असते, याच्याशी तुलना करावी लागेल. ती तुलना न करता एकूण उत्पादन पुढे करणे हा पुरावा नव्हे.

ओएनजीसीचा कारभार निर्दोष होता, असाही याचा अर्थ नाही. मुंबई हायमधील तेलाचे उत्पादन २०२४ मध्ये दररोज सुमारे १ लाख ३४ हजार बॅरलवर आले होते. क्षेत्राचे वय हे त्याचे मोठे कारण असले, तरी साठ्याच्या व्यवस्थापनावर आणि वेळेवर न झालेल्या गुंतवणुकीवर टीका होत आली आहे. २७ जुलै २००५ रोजी मुंबई हाय नॉर्थच्या प्लॅटफॉर्मवर जहाज आदळून लागलेल्या आगीत २२ जणांचा बळी गेला. सरकारी मालकी म्हणजे आपोआप सुरक्षितता आणि कार्यक्षमता, असे मानणारे या घटनांकडे डोळेझाक करतात. त्यामुळे ‘परदेशी कंपनी नकोच’ ही भूमिकाही तेवढीच चुकीची आहे. मालकाचा देश कोणता यापेक्षा करारात काय लिहिले आहे आणि त्याची तपासणी कोण करते, यावर जनतेचे हित अवलंबून असते.

खर्चाचा हिशेब हाच खरा वाद

उत्पादन वाटप कराराची रचना समजून घेतली की सरकारच्या हरकती कशासाठी होत्या ते स्पष्ट होते. उत्पादनातून कंपन्या आधी आपला खर्च वसूल करतात. उरलेले नफ्याचे तेल कंपन्या आणि सरकार यांच्यात वाटले जाते, आणि कंपन्यांना गुंतवणुकीच्या किती पट परतावा मिळाला यानुसार सरकारचा वाटा टप्प्याटप्प्याने वाढतो. याचा सरळ परिणाम असा की, खर्च जितका जास्त दाखवला जाईल तितकी पट कमी भरते आणि सरकारचा वाढीव वाटा पुढे ढकलला जातो. कोणाच्याही प्रामाणिकपणावर शंका न घेता हा दोष दाखवता येतो. तो रचनेतच आहे. भारताच्या महालेखापालांनी २०११ मध्ये अशा करारांची तपासणी केली, तेव्हा खर्च आटोक्यात ठेवण्याची प्रेरणाच या रचनेत कमी आहे, यावर बोट ठेवले होते.

पन्ना-मुक्ता-ताप्तीच्या करारात वसूल करता येणाऱ्या विकासखर्चाला मर्यादा घातलेली होती: ताप्तीसाठी ५४.५ कोटी डॉलर आणि पन्ना-मुक्तासाठी ५७.७५ कोटी डॉलर. ही मर्यादा, नफ्याचे तेल मोजण्याची पद्धत, रॉयल्टी आणि कर यांवरून मतभेद झाले. डिसेंबर २०१० मध्ये रिलायन्स आणि बीजी यांनी लवादाची नोटीस दिली. लवादाचे स्थान लंडन ठरले आणि लवादाच्या कलमाला इंग्लंडचा कायदा लागू होता. म्हणून २८ मे २०१४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने या लवादाच्या बाबतीत भारतातील लवाद कायद्याचा पहिला भाग लागू होत नाही, असा निकाल दिला. ऑक्टोबर २०१६ मध्ये लवादाने अनेक मुख्य मुद्द्यांवर सरकारच्या बाजूने निवाडा दिला, आणि त्याच्या आधारे सरकारने सुमारे ३८५ कोटी डॉलरची मागणी पुढे केली. त्यानंतरही लंडन आणि दिल्लीत कज्जे चालू राहिले. कराराची मुदत संपली तरी हिशेब मिटला नव्हता.

हा घटनाक्रम ‘सरकारी हस्तक्षेपाने गुंतवणूकदार घाबरतात’ या विधानाला पूरक म्हणून सांगितला जातो. प्रत्यक्षात तो उलट सिद्ध करतो. लवादाकडे आधी कंपन्या गेल्या, सरकार नव्हे. सरकारने परवाना रद्द केला नाही, क्षेत्र ताब्यात घेतले नाही, मुदत संपेपर्यंत करार पाळला. करारात लिहिलेली मर्यादा पाळली जावी, असा आग्रह मालकाने धरणे हा हस्तक्षेप होत नाही. नॉर्वे किंवा ब्रिटनमध्ये तेल कंपन्यांचा खर्च सरकार बारकाईने तपासते. तिथून कंपन्या पळून गेलेल्या नाहीत. अनिश्चितता खटल्यामुळे आली, पण खटला संदिग्ध करारामुळे आला. भारताच्या समुद्रतळाचा हिशेब ठरवण्यासाठी भारत सरकारला लंडनमध्ये बाजू मांडावी लागते, ही त्या करारातील सर्वांत खटकणारी गोष्ट आहे.

हे करार ज्या पद्धतीने दिले गेले, तिच्यावरही आक्षेप घेतले गेले होते. चौकशीची मागणी करणारी जनहित याचिका सर्वोच्च न्यायालयाने २००० मध्ये फेटाळली. तो निकाल मान्य केला पाहिजे, आणि त्या प्रकरणी भ्रष्टाचाराचा आरोप पुन्हा उगाळण्यात अर्थ नाही. मात्र न्यायालयाने चौकशीचे कारण नाकारणे आणि धोरण उत्तम ठरणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. फौजदारी कसोटीला उतरलेला करारही जनतेच्या दृष्टीने महाग असू शकतो.

कंपनी बदलते, क्षेत्र तिथेच राहते

परदेशी कंपनी म्हणजे स्थैर्य, हा समज महाराष्ट्राने सर्वांत आधी तपासायला हवा होता. पन्ना-मुक्ता-ताप्ती चालवणारी एन्रॉन रत्नागिरी जिल्ह्यातील दाभोळ वीज प्रकल्पाचीही मुख्य प्रवर्तक होती. १९९५ मध्ये राज्य सरकारने तो करार रद्द केला, पुढच्या वर्षी फेरवाटाघाटीने तो पुन्हा उभा राहिला, १९९९ मध्ये वीज सुरू झाली आणि २००१ मध्ये बंद पडली. महागड्या विजेच्या बिलांनी राज्य वीज मंडळाचे कंबरडे मोडले. डिसेंबर २००१ मध्ये एन्रॉन अमेरिकेत दिवाळखोरीत गेली.

समुद्रातील क्षेत्रांचा ३० टक्के वाटा तोवर विक्रीला निघालेलाच होता. बीजीने उपकंपनीचे समभाग घेतले आणि चालक कोण यावरून ओएनजीसी व रिलायन्स यांच्याशी वाद झाला. अखेर तिघांनी मिळून क्षेत्र चालवण्याची तडजोड झाली. चौदा वर्षांनी बीजीच शेलमध्ये विलीन झाली. म्हणजे पंचवीस वर्षांत परदेशी भागीदार तीन वेळा वेगळा दिसला, आणि दोन्ही बदलांची मुळे ह्यूस्टन आणि लंडनच्या ताळेबंदांत होती. या बदलांत क्षेत्र, कामगार आणि करारातील जबाबदाऱ्या जागच्या जागी राहिल्या. मूळ कंपनीची हमी, मालकी बदलताना सरकारची संमती आणि चालकपद आपोआप न जाण्याची अट या बाबी म्हणूनच करारात काटेकोरपणे लिहाव्या लागतात.

हाच मुद्दा शेवटच्या टप्प्यात सर्वांत गंभीर होतो. वायू संपल्यावर ताप्तीचे समुद्रातले सांगाडे, विहिरी आणि वाहिन्या तशाच सोडता येत नाहीत. विहिरी सिमेंटने कायमच्या बुजवाव्या लागतात, प्लॅटफॉर्म कापून हलवावे लागतात. ताप्तीतील हे काम भारताच्या समुद्रातील अशा पहिल्या मोठ्या कामांपैकी आहे. उत्पन्न संपल्यावरचा हा खर्च असल्याने तो टाळण्याकडे कोणत्याही कंपनीचा कल असू शकतो. त्यासाठी उत्पादन चालू असतानाच वेगळा निधी बाजूला ठेवणे, हा एकमेव भरवशाचा उपाय आहे.

या तेलाचे मालक कोण

संविधानाच्या २९७व्या अनुच्छेदानुसार प्रादेशिक समुद्र, भूखंडमंच आणि अनन्य आर्थिक क्षेत्राखालील खनिजे संघराज्याच्या मालकीची आहेत. गुजरात किंवा आसामच्या जमिनीतून निघणाऱ्या तेलावर त्या राज्यांना रॉयल्टी मिळते. महाराष्ट्रासमोरच्या समुद्रातील तेलाची रॉयल्टी केंद्राकडे जाते. झळ मात्र किनाऱ्यालाच बसते. प्लॅटफॉर्मभोवती पाचशे मीटरच्या सुरक्षापट्ट्यात मासेमारी करता येत नाही, आणि सर्वेक्षणाच्या काळात जाळी काढून घ्यावी लागल्याची तक्रार पालघर-रायगडच्या मच्छीमारांनी अनेकदा केली आहे. कंपनी देशी असो वा परदेशी, हा भार सारखाच आहे, आणि त्याची भरपाई ठरवण्याची पद्धत राज्याच्या सहभागाने बांधली गेली पाहिजे.

मालकी संघराज्याची असल्यामुळे हा प्रश्न केवळ किनाऱ्याचा राहत नाही. बिरसीच्या परिसरातील खडक अतिप्राचीन, रूपांतरित आणि स्फटिकी आहेत. तिथे तेल साठवणारे गाळाचे खोरे नाही आणि तिथे कधी रिग उभी राहणार नाही. तरीही पन्नाच्या नफ्याच्या तेलातून जे सरकारी तिजोरीत यायला हवे, त्यात बिरसीच्या शेतकऱ्याचा वाटा मुंबईकराइतकाच आहे. खर्चाच्या हिशेबात बुडालेला प्रत्येक डॉलर त्याच्याही शाळेतून, रस्त्यातून आणि सिंचनातून वजा होतो. ‘हा कंपनी आणि सरकार यांच्यातला तांत्रिक वाद आहे’ असे म्हणून तो बाजूला सारणे मालकाला त्याच्याच मालमत्तेच्या हिशेबापासून दूर ठेवण्यासारखे आहे.

जुन्या करारातून घ्यायचे धडे काही प्रमाणात घेतले गेले आहेत. २०१२ मध्ये सी. रंगराजन समितीने खर्चवसुलीची पद्धत सोडून थेट महसूल वाटपाची शिफारस केली आणि २०१६ च्या नव्या परवाना धोरणाने ती स्वीकारली. खर्च तपासण्याचा वाद त्यामुळे कमी होतो. उत्पादन आणि विक्री अचूक मोजली की पुरते. २०१९ मध्ये, जिथे अद्याप व्यापारी उत्पादन नाही अशा खोऱ्यांसाठी सरकारने महसूल वाट्याची अटही बव्हंशी शिथिल केली. हा निर्णय योग्य तत्त्वावर उभा आहे: जिथे शोधाची जोखीम खरी आहे, तिथे कंपनीला सवलत द्यावी.

त्याच तत्त्वाची दुसरी बाजू मात्र ठामपणे लागू व्हायला हवी. सार्वजनिक पैशाने आधीच सापडलेली क्षेत्रे देताना बक्षीस विकासाच्या जोखमीपुरते असावे. शोधलेल्या लहान क्षेत्रांच्या निविदा २०१६ पासून निघत आहेत, म्हणून हा प्रश्न इतिहासजमा झालेला नाही. अशा प्रत्येक कराराचा मजकूर आणि वार्षिक हिशेब प्रसिद्ध व्हावा, महालेखापालांना तो तपासण्याचा निर्विवाद अधिकार असावा, लवादाचे स्थान भारतात असावे, कंपनीची मालकी बदलताना सरकारची संमती सक्तीची असावी, आणि क्षेत्र मोकळे करण्याचा निधी पहिल्या उत्पादनापासून जमा व्हावा. या अटी मान्य करणाऱ्या परदेशी कंपनीला भारताच्या समुद्रात काम करण्यास कोणाचा विरोध असण्याचे कारण नाही. ज्या कंपनीला याच अटी गुंतवणुकीतील अडथळा वाटतात, तिला क्षेत्र न देणे हेच देशाच्या हिताचे आहे.